मराठी आकड्यांची नंबर प्लेट चालू द्यावी का?

घोडबंदरकर:
गेल्या महिन्यात मानपाड्याच्या सिग्नलला एका गाडीने आईच्या स्कूटीला मागून ठोकलं आणि सुसाट निघून गेली. मनगटाला प्लास्टर आहे अजून. मी मागेच होतो, नंबर बघायला गेलो तर 4141 असं वळवून लिहिलेलं की 'पापा' वाचावं, आणि वरची सिरीज इतकी बारीक की काही कळलंच नाही. तक्रारीत पांढरी गाडी आणि पापा, एवढंच सांगता आलं. चारचाकीला अक्षराची उंची ६५ मिमी, जाडी १०, मधली जागा १० असं नियमात मोजून दिलंय, ते उगाच नाही. अक्षरं इंग्रजी आणि आकडे 1, 2, 3 असेच हवेत हेही त्यातच आहे, म्हणजे मराठी आकडेवालेही चुकतातच. सगळ्यांच्या प्लेटा जागेवर काढून घ्या.

वाशीकर ४३:
आईंना लवकर बरं वाटू दे. पण मराठी आकड्यांना त्या पापावाल्याच्या रांगेत का बसवता? आमच्या बाबांच्या स्कूटरवर पेंटरने ठसठशीत मराठीत नंबर काढला होता, लांबून वाचता यायचा. आपल्याच राज्यात आपली लिपी नको?

घोडबंदरकर:
उद्या कन्नडमध्ये नंबर लिहिलेला ट्रक तुम्हाला ठाणे-बेलापूर रोडवर उडवून गेला तर पोलिसांना काय सांगाल? आपली गाडी पण बेळगाव, सुरतला जातेच ना.

नेरुळची:
दोघांचं चालू दे, पण पैसे कोण भरतंय ते बघा. एप्रिल २०१९ च्या आधीची गाडी म्हणून नवीन हाय सिक्युरिटी प्लेट घ्या, दुचाकीला ४५० आणि वर जीएसटी, म्हणजे ५३१ रुपये. माझी अॅक्टिव्हा विकायला काढली तर पंधरा हजार येतील, जुन्या प्लेटवर नंबर स्वच्छ दिसतोय, तरी भरले. आणि पापावाला तसाच फिरतोय! आधी त्याला धरा ना, मग आमच्याकडे या.

घोडबंदरकर:
ताई, धरायलाच ती प्लेट आहे. प्लेटचा स्वतःचा वेगळा नंबर लेझरने कोरलेला असतो, स्नॅप लॉक तोडल्याशिवाय निघत नाही, चोरीच्या गाडीला दुसऱ्याची प्लेट सहज लावता येत नाही. पैसे सरकारने घ्यायला नको होते, हे मान्य.

वाशीकर ४३:
मग त्याच प्लेटवर खाली मराठीत एक ओळ छापा की, मोठा नंबर इंग्रजीतच राहू दे. ट्रकचं तुमचं पटलं, पण लिपीचा हट्ट मी सोडणार नाही.

घोडबंदरकर:
सरकारने छापली तर माझी काहीच हरकत नाही, पेंटरकडून नको. आईची स्कूटी २०१६ ची, तिची प्लेट शनिवारी बसवून आणली.