‘स्कॅव्हेंजर हंट’ला मराठीत काय म्हणाल? (आणि शोधलं म्हणजे सापडलं का?)

रविवारची_आई

नमस्कार मंडळी. आम्ही न्यू जर्सीत राहतो. लेक अकरा वर्षांचा. दर रविवारी मराठी शाळेत जातो, म्हणजे नेला जातो. या वेळचा गृहपाठ ‘माझा आवडता खेळ’. मला वाटलं, क्रिकेटवर दहा ओळी खरडेल. साहेबांनी लिहिलं ‘एमएलबी द शो’ या बेसबॉलच्या व्हिडिओ गेमवर, आणि तेही सामन्यांबद्दल नाही, तर त्यात लपवलेली बक्षिसं हुडकण्याबद्दल.

मला समजला तितका खेळ सांगते. त्यात ‘कॉन्क्वेस्ट’ नावाचा एक प्रकार आहे. मधाच्या पोळ्यासारखा षट्कोनी घरांचा नकाशा, त्यावर बेसबॉल संघांचे किल्ले. सैन्य म्हणजे त्या त्या संघाचे चाहते. आपले चाहते शेजारच्या घरात घुसवून ते घर घ्यायचं. किल्ला घ्यायचा तर तीन इनिंगचा सामना स्वतः खेळून जिंकावा लागतो. गंमत पुढे आहे. काही घरांखाली बक्षीस ठेवलेलं असतं, खेळाडूंच्या पत्त्यांचं पाकीट नाहीतर ‘स्टब्ज’, म्हणजे त्या खेळातले पैसे. नकाशावर त्याची काही खूण नसते. घर हातात आलं की कळतं.

त्याचा परिच्छेद जसाच्या तसा देते: ‘मी शनिवारी पूर्ण नकाशा घेतला. मी पंधरा गुप्त बक्षिसे शोधली. गेम मला सुगावा देत नाही. शेवटचे आवाहन मी रात्री पूर्ण केले. याला स्कॅव्हेंजर हंट म्हणतात.’

बाईंची अट अशी की जिथे मराठी शब्द आहे तिथे तोच वापरायचा. आता सांगा, शेवटच्या वाक्याचं काय करू? ‘खजिना शोध’ लिहून मोकळी होऊ का?

धावचीत_तेरावा

ताई, आधी तुमच्या चिरंजीवांना सलाम. मी पुण्यात पहाटे उठून हाच गेम खेळतो आणि घरात मला कोणी ‘साहेब’ म्हणत नाही.

‘खजिना शोध’ मात्र नको. ट्रेझर हंटमध्ये एका चिठ्ठीवरून दुसरीकडे, दुसरीवरून तिसरीकडे असं जात जात शेवटी एकच घबाड हाती येतं. स्कॅव्हेंजर हंटमध्ये यादी असते आणि त्यातल्या वस्तू कोणत्याही क्रमाने गोळा करायच्या असतात. कॉन्क्वेस्टमधली बक्षिसं कुठल्याही क्रमाने मिळतात, त्यामुळे ती दुसऱ्या प्रकाराच्या जवळची. यादी मात्र गेम देत नाही. ती चाहतेच नकाशावर फुल्या मारून एकमेकांना देतात. (फुल्यांचा नकाशा बघून खेळणं म्हणजे गाइड बघून पेपर लिहिणं, असं माझं मत. पण तो वेगळा वाद.)

पदच्छेद

पहिल्यांदा आवाहन. ताई, तेवढं आज रात्रीच दुरुस्त करून घ्या. गणपतीचं होतं ते आवाहन, म्हणजे बोलावणं. समोरच्याला ‘ये, बघतोच’ म्हणतो ते आव्हान. मुलाने लिहिलंय त्याचा अर्थ ‘शेवटची प्राणप्रतिष्ठा मी रात्री उरकली’ असा काहीसा होतो. अर्थात अमेरिकेतल्या मुलाला हसायचं कारण नाही. इथल्या वर्तमानपत्रांत ‘मतदान करण्याचे आव्हान’ मी किती वेळा वाचलंय.

माझं मत विचाराल तर इथे आव्हानही नको. आव्हान स्वीकारतात, पेलतात. ‘आव्हान पूर्ण केलं’ हे कानाला खटकतं. पूर्ण होते ती कामगिरी. ‘शेवटची कामगिरी रात्री फत्ते केली’ असं लिहू दे. जुन्या पद्धतीने हवं असेल तर विडा उचलला आणि काम तडीस नेलं. अकरा वर्षांच्या मुलाच्या वहीत विडा जरा जड होईल, पण बाई खूश होतील.

कापूसकाळ

यवतमाळहून लिहितोय. ‘वेचणी’ कसा वाटतो? आमच्याकडे कापसाची पहिली वेचणी, दुसरी वेचणी असते. बोंडं एकदम फुटत नाहीत. शेतात फिरायचं, फुटलेलं दिसेल ते घ्यायचं, बाकीच्यासाठी पुन्हा यायचं. पोराच्या नकाशात हेच चाललंय. शिवाय शाळेच्या पुस्तकातला ‘गद्यवेचा’ त्याच घरातला. वेचून घेतलेला तो वेचा. म्हणून एकेक लपलेलं बक्षीस म्हणजे ‘वेचा’ आणि सगळा खेळ ‘वेचणी’.

रविवारची_आई

वेचणी फार आवडला! त्याला सांगितलं तर म्हणाला, ‘आई, पण कापूस लपत नाही.’

पदच्छेद

मुलगा वकील होणार.

पण वेचणीच्या निमित्ताने ‘स्कॅव्हेंजर’ची गोष्ट सांगायलाच हवी. मध्ययुगीन लंडनमध्ये बाहेरच्या व्यापाऱ्यांनी विकायला मांडलेल्या मालावर ‘स्कॅव्हेज’ नावाची जकात होती. माल पाहून ती वसूल करणारा तो ‘स्कॅव्हेजर’. शब्दाच्या मुळाशी बघणं, तपासणं हा अर्थ. पुढे याच अधिकाऱ्यांकडे रस्ते साफ ठेवण्याचं काम आलं आणि बघणारा झाडणारा झाला. मधला ‘न’ नंतर घुसला, जसा ‘पॅसेंजर’ आणि ‘मेसेंजर’मध्ये घुसला तसा. पार्टीतला खेळ बराच अलीकडचा. १९३० च्या आसपास अमेरिकेत तो लोकप्रिय केल्याचं श्रेय एल्सा मॅक्सवेल या पार्ट्या रंगवणाऱ्या बाईंना दिलं जातं.

आता गंमत बघा. त्या बघण्याच्या मुळाचा इंग्रजीतला सख्खा भाऊ म्हणजे ‘शो’. मुलाच्या गेमच्या नावातला शो! बेसबॉलवाल्यांच्या बोलीत ‘द शो’ म्हणजे सर्वांत वरची लीग. म्हणजे ‘द शो’मध्ये स्कॅव्हेंजर हंट खेळणं ही दोन दुरावलेल्या भावांची भेट झाली.

आणि आपला ‘शोध’? तो नेमका उलट्या रस्त्याने आला. धातू शुध्, म्हणजे शुद्ध होणं. संस्कृतात शोध म्हणजे साफ करणं, दोष काढणं. आयुर्वेदातलं शोधन, धातुशोधन, पंचांगशोधन यांत तो अर्थ अजून शाबूत आहे. साफ करताना निवडावं लागतं, निवडताना बघावं लागतं, आणि होता होता शोध म्हणजे धुंडाळणं झालं. तिकडे बघणारा झाडायला लागला, इकडे झाडणारा बघायला लागला. दोघं वाटेत कुठेतरी एकमेकांना ओलांडून गेले असणार.

धावचीत_तेरावा

हे वाचून चहा गार झाला. मान गये.

शेवंता_पुणे

व्युत्पत्ती सुंदर. पण एक सांगते, ‘स्कॅव्हेंजर’चं शब्दशः भाषांतर करायला कुणी जाऊ नका. आपल्याकडे या शब्दाला कागदोपत्री वेगळाच इतिहास आहे. हाताने मैला उचलण्याची प्रथा बंद करणारे कायदे १९९३ आणि २०१३ चे, आणि त्यांच्या इंग्रजी नावांत हाच शब्द आहे. अमेरिकेत तो पोरांच्या वाढदिवसाचा खेळ, इथे तो पिढ्यान्‌पिढ्या जातीने लादलेलं काम. पुण्यात १९९३ मध्येच कागद काच पत्रा कष्टकरी पंचायत ही कचरा वेचणाऱ्यांची संघटना उभी राहिली, तेव्हापासून ‘कचरावेचक’ हा शब्द आम्ही रोजच्या बोलण्यात ऐकत आलो. त्यामुळे ‘वेचणे’ला माझा विरोध नाही, उलट मला तो मानाचा शब्द वाटतो. फक्त कुठलाही शब्द गुळगुळीत समजून उचलू नये.

कापूसकाळ

बरोबर बोललात ताई. आणि ‘वेचक’चा दुसरा अर्थ निवडक, उत्तम. हेही त्याच शब्दात आहे.

म्हापशेकार

‘गुप्त बक्षिसे’वर कोणी बोललंच नाही. गुप्त म्हटलं की मला गुप्तहेर आठवतो, गुप्तधन आठवतं, आणि दवाखान्याच्या भिंतीवरची ती जाहिरातही. ‘छुपा’ तर नकोच. छुपा कॅमेरा, छुपे शुल्क, छुपा अजेंडा, सगळा लबाडीचा मामला. ‘लपवलेली बक्षिसं’ पुरे आहे.

आणि जिथे काम कोड्यात सांगितलेलं असतं तिथे ‘हुमाण’ म्हणा. कोड्याला जुना शब्द आहे. फक्त माझ्या गोंयकार आजीसमोर म्हणू नका, ती शिताबरोबरचं हुमण (माशांचं कालवण) समजून ताट घेईल.

धावचीत_तेरावा

‘लपवलेली’ की ‘लपलेली’? बेसबॉलमध्ये दोन्ही आहेत, म्हणून विचारतो.

शिकागोच्या रिगली फील्डवर मैदानाच्या भिंतीवर वेली आहेत, १९३७ मध्ये लावलेल्या. चेंडू कधी कधी त्या पानांत शिरतो आणि अडकतो. मग क्षेत्ररक्षक पानांत हात न घालता दोन्ही हात वर करून उभा राहतो, पंच बघतात आणि फलंदाजाला दोन बेस (धावताना गाठायचे थांबे) मिळतात. त्याने हात घालून उचकापाचक सुरू केली की खेळ चालूच धरतात. हा ‘लपलेला’ चेंडू, कोणी लपवलेला नाही.

दुसरा प्रकार लबाडीचा. क्षेत्ररक्षक चेंडू हातमोज्यात तसाच ठेवतो आणि गोलंदाजाकडे दिल्याचं सोंग करतो. धावणारा बिनधास्त बेस सोडून दोन पावलं पुढे सरकला की चेंडू त्याच्या अंगाला टेकवायचा. बाद! हा ‘लपवलेला’ चेंडू.

गेममधली बक्षिसं गेम बनवणाऱ्यांनी मुद्दाम ठेवलेली, म्हणजे लपवलेली. म्हापशेकारांना एक बेस.

रविवारची_आई

हे त्याला वाचून दाखवलं. रिगलीच्या वेलींचं त्याला आधीच माहीत होतं, माझंच अज्ञान उघडं पडलं. ‘लपवलेली’ पक्कं. आता सुगाव्याचं काय?

पदच्छेद

सुगावा कोणी देत नाही. तो लागतो. पोलिसांना सुगावा लागतो, मांजराला दुधाचा सुगावा लागतो. देणाऱ्याचा त्यात हात नसतो. गेमने मुद्दाम काही सांगितलं तर तो संकेत किंवा इशारा. तेव्हा ‘गेम संकेत देत नाही’ किंवा ‘मला सुगावा लागत नाही’. दुसरं जास्त छान आहे.

शेवंता_पुणे

मी मुलांना शिकवायचे, त्यामुळे मला खरी अडचण दुसऱ्याच वाक्यात दिसते. ‘मी पंधरा गुप्त बक्षिसे शोधली.’ ताई, त्याला ती मिळाली का?

रविवारची_आई

मिळाली ना! म्हणजे, तो तसंच म्हणाला.

शेवंता_पुणे

वाक्यावरून कळत नाही. मी रात्रभर चष्मा शोधला, म्हणजे चष्मा मिळाला असं नाही. बाहेर वाढणाऱ्या मुलांची ही हमखास गफलत. इंग्रजीत शोधणं आणि सापडणं यांना दोन क्रियापदं आहेत, आणि दोन्हींत करणारा ‘मी’च. आपल्याकडे शोधतो मी, पण सापडते ती वस्तू. मी फक्त ‘मला’ होऊन बाजूला उभा राहतो. ‘मला पंधरा बक्षिसं सापडली.’ मुलांना हे पटत नाही. मेहनत मी केली आणि वाक्यात मान बक्षिसाला का? एका मुलाने मला ‘मी पेन सापडलो’ असं लिहून दिलं होतं. पेनच्या दृष्टीने ते बरोबर होतं.

मेहनतीचं श्रेय हवंच असेल तर ‘शोधून काढली’ म्हणावं. त्या ‘काढली’त घाम आहे. आणि ‘शोध लावला’ म्हणू नये, ते न्यूटनसाठी ठेवावं.

कापूसकाळ

मग सगळ्या खेळालाच ‘शोधाशोध’ का म्हणू नये? आयता शब्द आहे.

पदच्छेद

आहे, पण त्यात जीव टांगणीला लागलेला असतो. किल्ली हरवली, पासपोर्ट सापडेना, गाडी सुटायला वीस मिनिटं, तेव्हा होते ती शोधाशोध. आपलंच हरवलेलं असतं. इथे हरवलेलं काहीच नाही. जवळचं म्हणाल तर भोंडल्याची खिरापत. डबा कानाशी हलवून दाखवायचा, ‘तिखट की गोड’ विचारायचं, आणि ओळखेपर्यंत झाकण उघडायचं नाही. लपवणाऱ्याला आणि शोधणाऱ्याला सारखीच मजा.

म्हापशेकार

मग बक्षिसाला खिरापत म्हणा की!

धावचीत_तेरावा

‘किल्ला घेतला आणि तीनशे स्टब्जची खिरापत मिळाली.’ मी आजपासून म्हणणार. ‘स्टब’ म्हणजे फाडलेल्या तिकिटाचा उरलेला तुकडा, त्याला काय म्हणावं? अर्धं तिकीट म्हटलं की एसटीचा कंडक्टर पोराचं वय विचारेल.

कापूसकाळ

अर्धुक. भाकरीचं असतं तसं.

रविवारची_आई

मंडळी, निकाल सांगते. तुमचे सगळे शब्द मी कागदावर लिहून त्याच्यासमोर ठेवले: वेचणी, शोधाशोध, खिरापत, हुमाण. त्याने सगळे वाचले आणि म्हणाला, ‘आजोबा वेगळं म्हणतात.’ माझे सासरे सांगलीकडचे, दर शनिवारी व्हिडिओ कॉल असतो. त्यांना याने गेम दाखवला होता, तेव्हा ते म्हणाले होते, ‘म्हणजे हुडकाहुडकी की रं!’ हा शब्द माझ्या घरात रोज असून मला सुचला नव्हता. पहिल्या पोस्टमध्ये मीच ‘हुडकण्याबद्दल’ लिहिलंय, ते आत्ता दिसलं.

पदच्छेद

हुडकणे! कन्नडमध्येही ‘हुडुकु’ म्हणजे शोधणे. सांगली-कोल्हापूरला तो घरचा शब्द. पळापळी, मारामारी तशी हुडकाहुडकी. मी माझी व्युत्पत्ती घेऊन घरी जातो.

शेवंता_पुणे

बाई ‘ग्रामीण’ म्हणून लाल रेघ मारतील, तयारी ठेवा.

रविवारची_आई

मारली तर मारू देत. गृहपाठ आता असा आहे: ‘मी शनिवारी हुडकाहुडकी खेळलो. मला लपवलेली बक्षिसे सापडली. सुगावा लागत नव्हता. शेवटची कामगिरी मी रात्री फत्ते केली.’ आकडा त्याने का गाळला ते मला काल कळलं. आजोबांना वाचून दाखवत होता. त्यांनी सगळं ऐकून घेतलं आणि विचारलं, ‘हुडकलंस ते खरं, पण सगळी गावली का?’

जरा वेळ शांतता. मग म्हणाला, ‘चौदा गावली, आजोबा. एक अजून नाही गावलं.’