ट्युनिशियन ऑम्लेट उलटताना फुटतं, काय करू?

विश्रामबागकर: काल रात्री ट्युनिशियाचं 'ताजीन' केलं. मोरोक्कोत ताजीन म्हणजे उंच झाकणाच्या मातीच्या भांड्यातला रस्सा, पण ट्युनिशियात तेच नाव अंड्याच्या जाड वडीला. सहा अंडी, बटाटा, ढोबळी मिरची, टोमॅटो. चव झकास. पण उलटताना मधूनच फाटलं, खाली पाणी सुटलं. सासूबाई म्हणाल्या, "ही तर अंड्याची पातळ भाजी!" वर हरिसा (तिकडची लाल मिरचीची चटणी) नव्हता म्हणून कांदा-लसूण मसालाच घातला.

माणदेशी: ताई, पाणी टोमॅटोचं. बिया काढा, भाज्या तेलावर कोरड्या होईपर्यंत परता आणि पूर्ण गार करून मगच अंड्यात घाला. गरम घातल्या की अंडं तिथंच गोळे धरतं. आणि उलटायचं कशाला? तिकडं ओव्हनमध्येच भाजतात. आपण जाड बुडाच्या कढईत, मंद आचेवर, झाकण ठेवून वीसेक मिनिटं.

साताऱ्याची सून: कांदा-लसूण मसाल्यात खोबरं असतं हो, चव पार कोल्हापूरला जाते! हरिसा घरी होतो. आठ-दहा ब्याडगी गरम पाण्यात भिजवा, लसूण, धणे, शहाजिरं, मीठ घालून वाटा, वर तेल सोडा. तिकडं कॅरावे घालतात, शहाजिरं त्याच्या जवळचं. जिरं ढकलू नका.

विश्रामबागकर: शहाजिरं बिर्याणीच्या डब्यात सापडलं. रविवारी परत करते. सासूबाईंना आधी सांगणार नाही.