९अ कलमाची तारीख बघा

काहींचं म्हणणं असतं की बँकांच्या थकीत कर्जांसाठीचा १९९३चा कर्जवसुली कायदा नंतरचा, म्हणून अधिसूचित व्यक्तीविरुद्धही (रोखे घोटाळ्यात गुंतल्यावरून सरकारी अधिसूचनेत नाव आलेल्या) बँकेने ‘डीआरटी’तच, म्हणजे कर्जवसुली न्यायाधिकरणातच जावं. पण रोखे घोटाळ्यानंतरच्या १९९२च्या विशेष न्यायालय कायद्यात अशा व्यक्तींच्या मालमत्तेचे दिवाणी दावे विशेष न्यायालयाकडे देणारं ९अ कलम आलं जानेवारी १९९४मध्ये. म्हणजे तेच धाकटं! इतर कायद्यांवर मात करणारं कलम दोन्हींकडे आहे, म्हणून बँक ऑफ इंडिया विरुद्ध केतन पारेख (२००८) निकालात सर्वोच्च न्यायालयाने नंतरची तरतूद वरचढ ठरवली. शिवाय नुसती तारीख नको, कायद्याचा मुख्य हेतूही बघा, असं सांगितलं. मला हे जास्त मोलाचं वाटतं.

आमच्या वसुली विभागातली अशीच एक फाईल कुलाब्याच्या डीआरटीतून फोर्टातल्या विशेष न्यायालयात गेली. पुठ्ठा तीनदा बदलला, आतला अर्ज तोच. त्या वाया गेलेल्या वर्षांचं अजून वाईट वाटतं.