शेजाऱ्यांशी हद्दीचा वाद सुरू आहे, बांधकाम सुरू करावं का?

पायरी_पहिली:
घराचा नकाशा मंजूर आहे. पूर्वेच्या हद्दीवरचा 45 सेंटिमीटरचा पट्टा आपला असल्याचं शेजारी सांगतात. खरेदीखतातली मापं आमच्या बाजूने आहेत, जुनं तारेचं कुंपण त्यांच्या. नकाशात आमची भिंत हद्दीपासून 1.5 मीटरवर आहे आणि तेवढंच किमान सामासिक अंतर (हद्द आणि भिंत यांच्यामध्ये नियमाने मोकळी सोडायची जागा) लागतं. मोजणीचा निकाल येईपर्यंत थांबावं, की निदान उरलेल्या तीन बाजूंचा पाया घ्यावा?

रेघ_आणि_दगड:
वाद जागेचा आहे की मापाचा, ते आधी बघा. 1:1000 प्रमाणाच्या नकाशावर अर्ध्या मिलिमीटरची रेघ जमिनीवर अर्धा मीटर भरते. तुमचा अख्खा पट्टा त्या रेघेच्या जाडीतच मावतो! म्हणून नकाशावर पट्टी ठेवून अंतर काढू नका. खतात लिहिलेली मापं आणि जागेवरच्या पक्क्या खुणा धरा. दुसरी चूक उताराची. मापं आडवी धरायची असतात. टेप जमिनीलगत टाकली तर 10 अंशांच्या उतारावर 30 मीटरमागे साधारण 46 सेंटिमीटरचा फरक पडतो. मोबाइलचं जीपीएस काही मीटर चुकतं, त्याचा इथे उपयोग नाही.

मोजणी टोटल स्टेशनने (कोन आणि अंतर दोन्ही मोजणाऱ्या यंत्राने) करून घ्या, आणि सुरुवात कुंपणापासून नको. दोघांनाही मान्य असलेल्या जुन्या खुणेपासून करा. शेजाऱ्यांना आधी लेखी कळवा. त्यांच्या गैरहजेरीत झालेली मोजणी कितीही अचूक असली तरी ते मानणार नाहीत. प्रत्येक कोपऱ्याचं अंतर तीन स्थिर वस्तूंपासून मोजून लिहून ठेवा, म्हणजे हद्दीचा दगड कुणी उपटला तरी जागा पुन्हा काढता येते.

पाया_प्लिंथ:
सुरू करता येईल, पण एका अटीवर: पट्टा उद्या पूर्ण त्यांचा ठरला तरी घराचं काहीही तोडावं लागू नये. त्यांची रेषा हीच हद्द समजा. तिथून तुमच्या भिंतीपर्यंत 1.05 मीटरच उरतं, म्हणजे भिंत स्वतःच्या जागेत असूनही नियमभंग होईल. शिवाय नुसती भिंत बघू नका. 1.5 मीटर चौरस फूटिंग (कॉलमखालचा पायाचा रुंद भाग) कॉलमच्या मध्यापासून 75 सेंटिमीटर बाहेर येतं. वर छज्जा आणि पावसाळी पाइप, खाली सेप्टिक टँक, हे सगळं त्याच हिशेबात धरा.

जागा वाचवायला कॉलम फूटिंगच्या कडेला सरकवू नका. भार मध्यापासून रुंदीच्या एक षष्ठांशापलीकडे गेला की पलीकडची कड उचलू पाहते आणि अलीकडच्या कडेखाली दाब भलताच वाढतो. तशी वेळ आलीच, तर आतल्या कॉलमशी जोडणारा स्ट्रॅप बीम लागतो, आणि तो स्ट्रक्चरल इंजिनिअरने काढायचा. साइटवर मिस्त्रीने ठरवायचा नाही.

तीन बाजूंच्या पायाचा विचार सोडा. प्लिंथ बीम, म्हणजे जोत्याच्या पातळीवरची काँक्रीटची तुळई, सगळे कॉलम एकत्र बांधतो. चौथी ओळ नंतर सरकली तर स्पॅन (दोन कॉलममधलं अंतर) बदलतो आणि आधी टाकलेली सळई जुळत नाही.

त्यांची इमारत जवळ असेल तर खोदण्याआधी दोघांच्या समक्ष त्यांच्या भिंतींचे तारखेसह फोटो काढा आणि जुन्या तड्यांवर काचपट्ट्या चिकटवा. तडा रुंदावला की काच फुटते. खोदकाम त्यांच्या पायापेक्षा खोल जाणार असेल तर त्याचा आराखडाही इंजिनिअरकडूनच घ्या. सलग लांब चर उघडा ठेवू नका, खड्ड्यात पाणी साचू देऊ नका.

पायरी_पहिली:
मग अख्खं घरच 45 सेंटिमीटर पश्चिमेला घेतलं तर?

पाया_प्लिंथ:
पश्चिमेचं सामासिक अंतर पुरत असेल तर उत्तम. सुधारित नकाशा मंजूर झाल्यावरच आखणी करा. अंतर पुरत नसेल तर घराची रुंदी कमी करा.

कागद_पक्का:
कायदा ठिकाणागणिक बदलतो, त्यामुळे स्थानिक वकील गाठाच. पण धोका सगळीकडे सारखाच: काम अर्ध्यावर असताना मनाई हुकूम आला तर उघड्या सळया गंजतात आणि ठेकेदार दुसरीकडे जातो. ठेकेदाराच्या करारात काम थांबल्यास हिशेब कसा करायचा, ते कलम आधीच घाला. गृहकर्ज असेल तर वाद बँकेला लपवू नका.

शेजाऱ्यांशी लेखी ठेवा की, ‘दोघांचे हक्क अबाधित ठेवून निकालापर्यंत या पट्ट्यात कुणीही बांधकाम करणार नाही.’ सोबत मापांचा नकाशा आणि दोघांच्या सह्या हव्यात. जुनं कुंपण तोवर काढू नका, तो पुरावा आहे. कंपाउंडची पक्की भिंत निकालानंतरच.