अनुभव धागा : तुमच्या घरातली 'लढाई'

आजी कुणाचंही वय आकड्यात सांगत नसे. अमका लढाईच्या आधीचा, तमकी रेशन सुरू झालं त्या सालची, आणि माझे वडील 'गोदीतल्या स्फोटाचे', म्हणजे १९४४ चे. आमच्यात बंदूक कुणीच धरली नाही. आजोबा लालबागला गिरणीत. तुमच्या घरी दुसऱ्या महायुद्धाचं काय बोललं जायचं? पुस्तकातलं नको, घरात ऐकलेलं लिहा.

▪ आमचे आजोबा गिरणीच्या साचेखात्यात, म्हणजे मागावर. दिवसभर लष्कराचं खाकी विणायचे आणि घरी आजीच्या अंगावर दांडाचं लुगडं! विरलेला मधला भाग कापून काढायचा नि उरलेले दोन तुकडे जोडायचे, तो दांड. दोन पाळ्या करून पैसा आला म्हणे, पण कापडच मिळेना. त्याआधी १९४० मध्ये महागाई भत्त्यासाठी संप झाला, महिन्याहून जास्त चालला. तेव्हा खानावळवालीने अख्ख्या खोलीला उधारीवर जेवू घातलं. तिची उधारी सगळ्यांनी फेडली का, हे विचारलं की आजोबा विषय बदलत.

▪ आम्ही राजापूरकडचे. जपानी येणार म्हणून ४२ च्या सुरुवातीला मुंबईतले चाकरमानी गावी आले. आजीला वाटलं, बरं झालं, घो घरी आला. दोन महिन्यांत तांदूळ संपला, मग तिनेच त्याला परत पाठवला.

▪ स्फोटाचं मी सांगतो. १४ एप्रिल, दुपारी चारनंतर. बोटीत दारूगोळा आणि कापूस एकत्र भरलेला. ही अक्कल कुणाची, देव जाणे. आजोबा गोदीत हमाल, त्या दिवशी तापाने घरी होते म्हणून वाचले. पुढे ढिगारे उपसायच्या कामावर लागले. एकदा पंचात बांधून जळकट तांदूळ आणला. आजीने तीन पाण्यांनी धुतला, वास काही जाईना. मुलांनी तरी खाल्ला.

▪ पुण्यात आजोबा दारूगोळ्याच्या कारखान्यात. लढाई संपली, कामही संपलं. पेढे वाटले त्याच महिन्यात घरी बसले.

▪ भोकाचा पैसा कुणाला आठवतो? १९४३ पासूनचा, मधे भलंमोठं भोक. आमच्या काकांच्या करदोट्यात आजीने तोच ओवला होता. चांदी परवडत नव्हती.