मदत हवी आहे : सिनेमे पाहून फ्रेंच उच्चार सुधारतात का?

राम राम मंडळी. रावेरकडे राहतो, डेल्फ बी १ ची (फ्रेंचची मधल्या पातळीची परीक्षा) तयारी घरूनच. इथे फ्रेंच बोलायला कोणी नाही, पुण्याच्या आलियाँस फ्राँसेजला (फ्रेंच शिकवणारी संस्था) रोज जाणं होत नाही. म्हणून सिनेमे.

पुस्तकातलं 'झ न से पा' (मला माहीत नाही) पडद्यावर 'शेपा' होतं, तोवर संवाद पुढे निघून जातो! घशातला 'र' येतो. खरी अडचण 'त्यू' (tu, म्हणजे तू) आणि 'तू' (tout, म्हणजे सगळं) यांची. 'त्यू'साठी ओठ गोल करून 'ई' म्हणायचं हे माहीत आहे, पण वेगात घसरतं. केळीच्या बागेत मोठ्याने घोकतो, सालदार हसतो.

सबटायटल फ्रेंच ठेवू की बंद? एकच प्रसंग घोटू की अख्खा सिनेमा पाहू? तोंडी परीक्षेत 'शेपा' चालतं का? क्युबेकचे (कॅनडातला फ्रेंच बोलणारा प्रांत) सिनेमे, तिथले उच्चार वेगळे म्हणून, सध्या टाळावेत असं वाटतं. बी १ दिलेल्यांनी सांगा ना भो.