मदत हवी आहे: कोळीवाड्यातली माहिती आणि आमच्या नोंदी एकत्र कशा आणाव्यात?

नमस्कार मंडळी, मी ऐरोलीत राहतो. आम्ही सातआठ जण दर रविवारी ठाणे खाडीवर पक्षी मोजतो आणि नोंदी एक्सेलमध्ये भरतो. रोहित (फ्लेमिंगो) किती, कुठे, किती वाजता, एवढंच.

मागच्या महिन्यात दिवा कोळीवाड्यातल्या एका काकांशी गप्पा झाल्या. आम्ही मोबाईलवर भरतीची वेळ शोधत होतो, तर ते म्हणाले, "तिथीची पाऊणपट करा ना!" अष्टमी म्हणजे आठाची पाऊणपट सहा, म्हणून पूर्ण भरती सहाच्या सुमारास. भरती रोज साधारण पन्नास मिनिटं पुढे सरकते, त्यामुळे हिशेब ढोबळ असला तरी बरोबर बसतो. उधाण (मोठी भरती) कधी, भांग (लहान भरती) कधी, कुठला चिखल आधी उघडा पडतो, सगळं तोंडपाठ. आणि रोहित तर त्याच चिखलावर चरायला उतरतात! आमच्या तक्त्यात यासाठी रकानाच नाही.

आता दोन्हीकडचे व्हॉट्सॲप ग्रुप जोडावेत असं वाटतं. पण आमचे लोक इंग्रजी नावं टाकतात, मग तिकडचे गप्प बसतात. (चूक आमचीच.) शिवाय जाळी लावायच्या जागा भलत्याच हातात गेल्या तर? ती भीती रास्त आहे.

ठाण्यात विटावा, कोपरीकडे कुणी असं काम केलंय का? आवाजी नोंदी घ्याव्यात की एकत्र बसून नकाशा काढावा? माहिती कुणाच्या नावावर ठेवायची, हे आधी कसं ठरवलंत?